खरेदीखताच्या आधी : राजापूर तालुक्यातल्या गावच्या घरी शेवटची फेरी

मुंबईत बसून गावचं घर विकायचं ठरतं, गिऱ्हाईक मिळतं, इसार होतो, आणि मग सगळी भावंडं सहीच्या आदल्या दिवशी गावी उतरतात. दुपारपर्यंत भांडी वाटली जातात, संध्याकाळी भंगारवाल्याचा टेम्पो लागतो, दुसऱ्या दिवशी अंगठे आणि फोटो. परतीच्या गाडीत कुणीतरी विचारतं, माजघराचा फोटो कुणी काढला का? कुणीच काढलेला नसतो. घर गेल्याचं दुःख टळत नाही, पण हे दुसरं दुःख टाळता येतं. त्यासाठी ही फेरी सहीच्या निदान तीन आठवडे आधी करायची आणि कामांचा क्रम उलटा करायचा. आधी नोंद, मग वाटणी, आवराआवर सगळ्यात शेवटी. एकदा ट्रंक जागेवरून हलली की ती कुठे होती हे पुन्हा कुणालाच नीट सांगता येत नाही.

हंगाम नोव्हेंबर अखेर ते फेब्रुवारी. पावसात घर गळत असतं, खळ्यात गवत माजलेलं असतं, आतला उजेड फोटोला पुरत नाही. एप्रिल-मे मध्ये गाव आंब्याच्या कामात असतं, आपल्याबरोबर चार तास फिरायला कुणी मोकळं नसतं. शिमगा आणि गणपती तर नकोच. त्या दिवसांत घर भरलेलं असतं आणि भरल्या घरात मापं घेता येत नाहीत.

निघण्यापूर्वी

कागद गावी जाऊन शोधायचे नाहीत, घेऊन जायचे. सरकारच्या महाभूमी संकेतस्थळावर डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत मिळतो. त्याच्याबरोबर आठ-अ, म्हणजे खात्याचा उतारा, आणि सातबाऱ्यावर ज्यांचे क्रमांक दिसतात ते सगळे जुने फेरफार, म्हणजे मालकीबदलाच्या नोंदी, काढाव्यात. ग्रामपंचायतीचा नमुना ८, म्हणजे घरपट्टीचा उतारा, हाही हवा, पण त्यावर नाव आहे म्हणजे मालकी सिद्ध झाली असं नव्हे. तो कर आकारणीचा कागद आहे.

सातबाऱ्यावर बहुतेक वेळा पणजोबाच अजून मालक असतात. लग्न झालेल्या बहिणी आणि आत्या ‘इतर हक्क’ या रकान्यात ढकललेल्या असतात, किंवा तिथेही नसतात. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलींना जन्मापासून सहहिस्सा दिला, आणि ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असण्याची अट नाही हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केलं. तेव्हा आत्याची सही ही औपचारिकता नाही, तिच्याशिवाय व्यवहार लंगडा राहतो. वारस नोंद घातल्यावर नोटिशीचे १५ दिवस जावे लागतात आणि नंतर मंडळ अधिकारी ती प्रमाणित करतात. हे काम एका फेरीत उरकत नाही, आधीच सुरू करावं लागतं. परदेशातल्या भावंडाचं कुलमुखत्यारपत्र तिथल्या भारतीय वकिलातीत साक्षांकित झालेलं हवं आणि भारतात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक भरलेला हवा. नेमकं याच कारणाने सहीची तारीख पुढे गेल्याची उदाहरणं पुष्कळ.

बरोबर घ्यायचं ते असं : ३० मीटरची फीत आणि ५ मीटरची लोखंडी टेप, आलेखाचे कागद, पेन्सिली, दोन चांगल्या बॅटऱ्या, एन-९५ मास्क, हातमोजे, घोट्याच्या वर येणारे बूट, खोबरेल तेल, जुन्या धुतलेल्या सुती साड्या, दोरा लावलेली पुठ्ठ्याची लेबलं. वीज तोडलेली असेल हे गृहीत धरून पॉवर बँक.

दिवस पहिला : पोचणं आणि दार उघडणं

दादरहून मध्यरात्री सुटणारी तुतारी एक्सप्रेस या कामाला बरी, कारण सकाळी उतरून दिवस हातात राहतो. राजापूर रोड स्टेशन राजापूर शहरापासून बरंच लांब आहे, रिक्षा किंवा गाडी आधी सांगून ठेवावी. सामान असेल तर स्वतःची गाडी नेण्यापेक्षा परतीला स्थानिक टेम्पो केलेला परवडतो.

वर्षानुवर्षं बंद असलेल्या घराचं दार घाईने उघडू नये. कुलपात खोबरेल तेलाचे थेंब सोडून दहा मिनिटं थांबावं, मग किल्ली पुढे-मागे हलवावी. जोर केला तर किल्ली आत मोडते आणि कोयंडा उपटावा लागतो. पुढचं दार, मागचं दार आणि समोरासमोरच्या खिडक्या उघडून घर अर्धा तास तसंच ठेवावं. आत वटवाघळांची आणि उंदरांची विष्ठा असते. ती कोरडी झाडली की धूळ थेट छातीत जाते, म्हणून आधी पाणी शिंपडायचं, मास्क लावायचा आणि मगच केरसुणी. पण पहिल्या दिवशी झाडायचं ते फक्त चालायच्या वाटेपुरतं.

माळ्यावर चढण्यापूर्वी तुळयांची टोकं पाहावीत. लाकूड कुजतं ते भिंतीत शिरतं तिथे. मधोमध तुळई ठणठणीत दिसते आणि टोकाला पेन्सिल खुपसली तर सहज आत जाते. काठीने ठोकून पाहिल्यावर भरीव आवाज आला तर ठीक, पोकळ आला तर तो भाग खालूनच पाहायचा. मातीत बांधलेल्या जांभ्याच्या भिंतीला, विशेषतः मागच्या पडवीत, शिडी टेकवू नये. गांधीलमाशांची पोळी वाशांच्या खाली आणि न्हाणीघराच्या कोपऱ्यात असतात, ती आधी हेरून ठेवावीत.

रात्री शेजारी झोपावं. विहिरीचं पाणी कित्येक महिने उपसलेलं नसेल तर प्यायला घेऊ नये.

दिवस दुसरा : फोटो आणि मापं

सगळ्यात महत्त्वाचा दिवस हाच. आज एकही वस्तू हलवायची नाही, कितीही मोह झाला तरी.

फोटो सकाळी सात ते नऊ आणि दुपारी चारनंतर. फ्लॅश बंद. प्रत्येक खोलीत चारही कोपऱ्यांतून, छातीच्या उंचीवरून, फोन सरळ धरून एकेक फोटो, मग जमीन, मग छप्पर. क्रम ठरलेला ठेवावा : खळं, पडवी, ओटी, माजघर, देवघर, स्वयंपाकघर, बाळंतिणीची खोली, मागची पडवी, न्हाणी, माळा, गोठा, मांगर (शेताकडची खोप). क्रम मोडला की सारख्याच काळ्या भिंतींचे फोटो पुढे ओळखू येत नाहीत. प्रत्येक खोलीच्या सुरुवातीला कागदावर खोलीचं नाव लिहून त्याचा फोटो घेतला की काम सोपं होतं.

यानंतर जवळून. दिव्याच्या कोनाड्यावरची काजळी, दाराच्या चौकटीवर मुलांच्या उंचीच्या रेघा, उंबरठ्याचा मध्यभागी झिजलेला खळगा, जमिनीत पुरलेलं उखळ, झोपाळ्याच्या कड्यांनी तुळईवर पाडलेले वळ. प्रत्येकाशेजारी मोजपट्टी ठेवून फोटो. एक कौल उलटं करून पाठीचा फोटो घ्यावा, मंगळुरी कौलावर कारखान्याचं नाव उमटवलेलं असतं. बासेल मिशनने मंगळूरला कौलांचा पहिला कारखाना १८६५ मध्ये काढला. तेव्हा ‘घर दोनशे वर्षांचं’ असं सांगितलं जात असेल तर भिंती तेवढ्या जुन्या असतील, छप्पर नाही. त्याआधी नळ्यांची कौलं किंवा गवताचं शाकारलेलं छप्पर असणार.

मापांना दोन माणसं लागतात, एक फितीचं टोक धरायला आणि एक लिहायला. खोलीची लांबी-रुंदी घेऊन थांबू नये, दोन्ही कर्ण घ्यावेत. जुन्या घरातली एकही खोली काटकोनात नसते आणि कर्ण नसले तर घरी बसून काढलेला नकाशा जुळत नाही. भिंतीची जाडी दाराच्या खाचेत मोजावी. जमिनीपासून तुळईच्या तळापर्यंतची उंची, खिडकीच्या खालच्या कडेची उंची, प्रत्येक पायरीची उंची आणि दाराची मोकळी रुंदी लिहावी. आलेखावर १ सेंटिमीटरला ५० सेंटिमीटर हे प्रमाण सोयीचं पडतं. खिडकीची उंची कशाला, असं वाटेल. खिडकी जमिनीपासून वीतभर वर असेल तर त्या खोलीत माणसं खाली बसून बाहेर पाहायची, हे फोटोत दिसत नाही, मापात दिसतं.

हाच नकाशा पुढे नोंदणीकृत मूल्यांककालाही उपयोगी पडतो. वडिलोपार्जित घराचं १ एप्रिल २००१ रोजीचं बाजारमूल्य भांडवली नफा काढताना धरता येतं आणि मूल्यांकक सगळ्यात आधी क्षेत्रफळच विचारतो.

रात्री फोटो दोन ठिकाणी उतरवावेत. व्हॉट्सॲपवर पाठवताना ‘डॉक्युमेंट’ म्हणूनच, एरवी फोटोतला तपशील निघून जातो.

दिवस तिसरा : आवाज, माणसं आणि जागांची नावं

पहाटे उठून आवाज. फोन विमान-मोडवर टाकून मांडीवर नव्हे, जमिनीवर जाड कापडावर ठेवावा. आधी दहा सेकंद शांतता, मग आवाज, पुन्हा दहा सेकंद शांतता. पुढच्या दाराची कडी, रहाट, झोपाळा, जात्याची खुंटी धरून दोन फेरे, माळ्याच्या जिन्यावरून कुणी उतरताना. प्रत्येक नोंद एका मिनिटाची पुरते.

दिवसभर माणसं. वाडीतल्या सगळ्यात वयस्कर बाईला खुर्चीत बसवून ‘घराचा इतिहास सांगा’ म्हटलं की चार वाक्यांत संपतं. त्यापेक्षा त्यांना बरोबर घेऊन चालावं आणि कामाचं विचारावं. ‘काकी, तुम्ही पाणी विहिरीच्या कुठल्या बाजूने शेंदायचात? भात झोडायचं ते याच खळ्यात की मांगराकडे? मयताला बाहेर काढताना कुठल्या दाराने काढत?’ हात आपोआप दाखवायला लागतात, त्या हातामागे गोष्ट येते. बोलणं ध्वनिमुद्रित करायला आधी विचारावं आणि भाषा सुधारून लिहू नये.

आजच जमिनीवरच्या नावांची यादी करायची. सातबाऱ्यावर गट क्रमांक असतो, पण प्रत्येक कुणग्याला (भाताच्या तुकड्याला), पाणंदीला, पाणवठ्याला आणि मोठ्या झाडाला स्वतःचं नाव असतं. यातली बहुतेक नावं सरकारी कागदावर नसतात, आणि नवा मालक गडगा घालून सपाटी केल्यावर ती बोलण्यातूनही जातात. नकाशावर क्रमांक टाकून यादी करावी. झाडांची वेगळी यादी : कुठला फणस कापा, कुठला बरका, रतांबा कुठे, कुठल्या रायवळाचा रस आमरसाला आणि कुठल्याची कैरी लोणच्याला. हे सांगणारी माणसं वाडीत आता मोजकी उरली आहेत.

दिवस चौथा : भांडी आणि ट्रंका

तांब्या-पितळेची भांडी किलोवर जातात, आणि त्यांच्याबरोबर घराच्या बायकांची नावं जातात. हंडा, कळशी, तपेली, परात, ताम्हन, प्रत्येकावर ठिपक्यांनी नाव घातलेलं असतं. लग्नात माहेरून आलेल्या भांड्यावर कधी माहेरचं आडनाव असतं, कधी देणाऱ्या मामाचं, कधी गाव, कधी साल. पणजीचं माहेरचं नाव घरातल्या एकाही कागदावर नसताना कळशीच्या काठाखाली सापडतं. सातबारा तिला ओळखत नाही, वंशावळीत ती ‘अमक्याची पत्नी’ असते. म्हणून भंगारवाल्याला हाक मारण्याआधी एक पूर्ण सकाळ भांड्यांना द्यावी.

ठिपके पुसट असतील तर आधी भांडं घासू नये. कोरड्या सुती फडक्याने धूळ काढायची, मग चिमूटभर तांदळाचं बारीक पीठ बोटाने अक्षरांवर चोळायचं आणि वरचं हलकेच पुसायचं. पीठ ठिपक्यांत बसतं आणि काळवंडलेल्या तांब्यावर अक्षरं पांढरी उठतात. बॅटरी भांड्याला जवळजवळ टेकवून बाजूने उजेड टाकला तर फोटोत खोलगटपणाही येतो. तरीही वाचता आलं नाही तर पातळ कागद लावून मऊ पेन्सिलीने घासून ठसा घ्यावा. चिंच आणि मीठ यानंतर. ज्याला भांडं जाईल त्याच्या लेबलावर नाव, साल आणि ते घरात कुठे असायचं हे लिहावं.

ट्रंकेतले कागद उन्हात पसरू नयेत. सावलीत, वारा लागेल अशा खोलीत, सुती साडीवर सुटे ठेवावेत. गुंडाळी कडक झाली असेल तर उलगडायचा प्रयत्न करू नये, घडीवर कागद तुटतो. फाटलेल्याला चिकटपट्टी लावली की काही वर्षांत तिथे पिवळा डाग पडतो आणि पट्टी निघत नाही. लॅमिनेशन तर कधीच करू नये, उष्णतेने चिकटलेला थर परत सुटत नाही आणि आतला कागद आतच खराब होतो. मोडीतले कागद वाचता येत नाहीत म्हणून बाजूला टाकले जातात, पण जुनी फाळणी, गहाणखतं, देवस्थानच्या मानाचे कागद त्यांतच असतात. दोन्ही बाजूंचे फोटो काढून मोडी जाणणाऱ्याकडे द्यावेत. मूळ कागद सुती कापडात सपाट गुंडाळून ठेवावेत, प्लॅस्टिकच्या पिशवीत दमट हवा कोंडते.

काचेला चिकटलेले जुने फोटो काढायला जाऊ नये. चौकटीसकट तिरप्या उजेडात फोटोचा फोटो घ्यावा. ओढला तर चेहराच काचेवर राहतो.

दिवस पाचवा : देव, राखणदार, वाटणी

देवघर एका माणसाने उचलून नेऊ नये. कुळाचार कुणी पुढे चालवायचा हे आधी ठरलं पाहिजे, टाक, म्हणजे देवांचे धातूचे पत्रे, त्याच्याकडे जातात. भंगलेल्या मूर्तींचं विसर्जन करतात. घरचे उपाध्ये आणि गावचे गुरव यांना विचारून दिवस घ्यावा आणि ग्रामदेवतेसमोर गाऱ्हाणं घालावं. ज्यांचा विश्वास नाही त्यांनीही उभं राहावं असं आमचं स्पष्ट मत आहे. घर चाललंय हे सगळ्या भावंडांनी एकत्र, मोठ्याने ऐकण्याची तेवढी एकच वेळ असते.

राखणदाराची, म्हणजे घर-जागेची राखण करणाऱ्या देवाची जागा, वर्षाला नारळ ठेवायचा दगड, सर्पाची जागा ही खरेदीदाराला दाखवावी. पुष्कळदा खरेदीदार बाहेरगावचा असतो आणि त्याला तो नुसता दगड वाटतो. पुढे वाडीशी तंटा होतो तो इथूनच.

गणपती कुठे बसणार, हा सगळ्यात अवघड प्रश्न. काही घरं यासाठी दोन गुंठे बाजूला ठेवतात. कल्पना चांगली आहे, पण घर शेतजमिनीत असेल तर १९४७ चा तुकडेबंदी कायदा आड येऊ शकतो. इसार घेण्याआधीच तहसील कार्यालयात विचारावं आणि पोटहिश्शाची मोजणी भूमी अभिलेख कार्यालयाकडे मागावी. शेतजमीन शेतकरी नसलेल्याला विकता येत नाही, हेही तेव्हाच पाहून घ्यावं.

संध्याकाळी वाटणी. वस्तूची किंमत काढून वाटप केलं तर भांडण होतं. लेबल लावलेल्या वस्तू माजघरात मांडून प्रत्येकाने आळीपाळीने एकेक उचलावी, सुरुवात घरातल्या बहिणींनी करावी.

दिवस सहावा : राजापूरला मसुदा

दुय्यम निबंधक कार्यालयात सही नंतर, आज वकिलाकडे मसुदा. मालमत्ता हस्तांतरण कायदा १८८२ च्या कलम ८ प्रमाणे घर विकलं की त्याबरोबर दारं, खिडक्या, कुलपं, किल्ल्या आणि कायम वापरासाठी बसवलेल्या वस्तू आपोआप जातात. दारावरची कोरीव गणेशपट्टी, झोपाळा, उखळ, तुळशीवृंदावन यांपैकी काही न्यायचं असेल तर ते खतात नावानिशी लिहिलं पाहिजे. तोंडी ‘घ्या की’ म्हटलेलं सहीनंतर बदलतं. गणेशपट्टी काढली की वरच्या भिंतीचा भार कशावर येणार ते सुताराला आधी दाखवावं. नुसती शोभेची पट्टी असेल तर निघते, भार घेणारी असेल तर तिचा फोटो आणि मापच घेऊन यावं.

खतात आणखी दोन ओळी घालाव्यात. राखणदाराच्या जागेला वर्षातून एकदा जायची वाट, आणि ठरावीक आंब्याच्या झाडाच्या काड्या कलमासाठी पुढच्या जुलैत घ्यायची परवानगी. समजूतदार खरेदीदार नाही म्हणत नाही. ताब्याची तारीख सहीच्या दिवसापेक्षा आठवडाभर पुढची ठेवली तर टेम्पोची घाई होत नाही. नोंदणी फी किमतीच्या १ टक्का, जास्तीत जास्त ३०,००० रुपये. ती आणि मुद्रांक शुल्क रिवाजाने खरेदीदार भरतो. सहीच्या दिवशी मूळ आधार, पॅन आणि ओळख पटवणारे दोन साक्षीदार लागतात. वाडीतली दोन माणसं त्यासाठी बरोबर नेली तर त्यांच्याही समोर घर रीतसर दिल्यासारखं होतं.

नंतर जुलै

रायवळ आंब्याच्या बाठ्यापासून (कोयीपासून) आलेलं झाड आईसारखं निघत नाही, त्यामुळे बाठे गोळा करून उपयोग नाही. कलमच करावं लागतं, आणि कोकणात कोय कलमाचा काळ जुलै-ऑगस्ट. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने रुळवलेली ही पद्धत घरीही जमते. फेरीच्या तिसऱ्या दिवशी यादीत टिपलेल्या झाडावर तीन-चार महिन्यांच्या, शेंड्याच्या, पेन्सिलीएवढ्या जाड काड्या हेरायच्या. त्यांची पानं देठ ठेवून आठ-दहा दिवस आधी कापायची, म्हणजे डोळे फुगतात. हे वाडीतल्या कुणाला तरी सांगून ठेवावं लागतं, आणि हेच राहून जातं. काड्या चार-सहा इंच लांब कापून ओल्या फडक्यात, वरून प्लॅस्टिक, आणि दोन-तीन दिवसांत बांधायच्या. खालचं रोप दहा-पंधरा दिवसांचं, पानं अजून तांबूस असलेलं हवं. हिरव्या झालेल्या रोपावर कलम धरत नाही. रोप बाठ्याच्या वर तीन-चार इंचांवर कापून मध्ये दीड इंचाची चीर, काडीला तेवढ्याच लांबीची पाचर, साल सालीला निदान एका बाजूने जुळवून प्लॅस्टिकच्या पट्टीने घट्ट बांधायचं. जीव धरला तर दोन-तीन आठवड्यांत डोळा फुटतो. सगळीच धरत नाहीत, म्हणून एका झाडाच्या दहा काड्या तरी बांधाव्यात आणि भावंडांत वाटाव्यात. जमिनीत लावल्यावर पहिली दोन-तीन वर्षं मोहोर खुडून टाकायचा.